बंद दाराची मैफल : छोट्या सशुल्क थेट प्रक्षेपणांमागचे तंत्र आणि अर्थकारण

यूट्यूबवर एखाद्या नामवंत गायिकेच्या मैफलींची तासन्‌तास मुद्रणे फुकट उपलब्ध असतात; तरीही त्याच गायिकेच्या रविवार सकाळच्या ऑनलाइन बैठकीसाठी काही लोक दोन-अडीचशे रुपये मोजतात, ठरलेल्या वेळी आंघोळ-न्याहारी उरकून लॅपटॉपसमोर बसतात आणि कार्यक्रम मागे नेऊन पुन्हा पाहता येणार नाही अशी अट असूनही कुरकुर करत नाहीत. अर्थशास्त्राच्या सरळ हिशेबाने असे घडायला नको. ज्या वस्तूची आणखी एक प्रत काढायला जवळजवळ काहीच खर्च येत नाही, तिची किंमत घसरत घसरत शून्यावर यावी, हा इंटरनेटचा एरवीचा अनुभव आहे. वृत्तपत्रांनी आणि ध्वनिमुद्रिका काढणाऱ्या कंपन्यांनी तो पुरेपूर घेतला आहे. मग वीस, पन्नास किंवा दोनशे प्रेक्षकांसाठी तिकीट लावून केलेली थेट प्रक्षेपणे, म्हणजे घडत असलेला कार्यक्रम त्याच वेळी इंटरनेटवरून दाखवण्याचे हे छोटे प्रयोग, २०२०नंतर जगभर इतके कसे फोफावले आणि नाट्यगृहे पुन्हा उघडल्यावरही पुरते विरून का गेले नाहीत?

## तिकीट नेमके कशाचे?

'टाळेबंदीमुळे' हे उत्तर खरे असले, तरी अपुरे आहे. मार्च २०२०मध्ये भारतात टाळेबंदी लागली आणि नाट्यगृहांना कुलपे पडली, तेव्हा प्रेक्षकांपुढे फुकट मनोरंजनाचा तुटवडा नव्हता. उलट त्याचा पूर आला होता. शिवाय ही कल्पना महासाथीच्याही आधीची आहे. २४ जून १९९३ रोजी 'सिव्हिअर टायर डॅमेज' या कॅलिफोर्नियातील हौशी वाद्यवृंदाने आपला कार्यक्रम इंटरनेटवरून थेट ऐकवला होता, आणि अमेरिकेत २००९ साली स्थापन झालेल्या 'स्टेजइट' या संकेतस्थळाने मर्यादित तिकिटांचे घरगुती ऑनलाइन कार्यक्रम हाच आपला धंदा केला होता. स्टेजइटचा नियम असा, की कार्यक्रम एकदाच होईल आणि त्याचे मुद्रण ठेवले जाणार नाही.

या नियमातच कोड्याची किल्ली आहे. तिकीट चित्राचे नसते. ते ठरलेल्या वेळेचे आणि बंद दाराचे असते. २३ जुलै २०२० रोजी निक केव्ह या ऑस्ट्रेलियन गायकाने लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमध्ये एकट्याने पियानोवर सादर केलेला कार्यक्रम तिकीट लावून दाखवला गेला, तेव्हा प्रेक्षकाला तो थांबवण्याची किंवा मागे नेण्याची सोय मुद्दाम दिलेली नव्हती. गंमत अशी, की कार्यक्रमाचे चित्रीकरण महिनाभर आधीच झालेले होते. म्हणजे 'थेट' असे त्यात तांत्रिकदृष्ट्या काहीच नव्हते. होती ती फक्त सर्वांनी एकाच घटकेला पाहण्याची सक्ती, आणि तिचेच पैसे लोकांनी दिले.

अर्थशास्त्रात अशा वस्तूला 'क्लब वस्तू' म्हणतात. एकाने उपभोगली म्हणून ती दुसऱ्यासाठी कमी होत नाही, पण जो वर्गणी देत नाही त्याला बाहेर ठेवता येते, अशी ही वस्तू. जेम्स ब्यूकॅनन यांनी १९६५ साली तिचे विश्लेषण केले. क्लबमध्ये सभासद वाढले की प्रत्येकावर पडणारा खर्च घटतो, पण एका मर्यादेनंतर गर्दीच होऊन मजा कमी होते, आणि या दोहोंच्या तोलावर क्लबचा आकार ठरतो. महाराष्ट्राला हा प्रकार नवा नाही. विष्णुदास भावे यांनी १८५३ साली मुंबईच्या ग्रँट रोड थिएटरात तिकीट लावून खेळ केले, तेव्हा संस्थानिकाच्या आश्रयाची जागा अनोळखी प्रेक्षकाच्या खिशाने घेतली. तर कोल्हापूरच्या देवल क्लबसारख्या संस्थांनी आणि पुढे गावोगावच्या संगीत मंडळांनी सभासदांच्या वर्गणीवर मोजक्या कानसेनांसाठी बैठकी भरवल्या. छोटे सशुल्क प्रक्षेपण व्यवहाराने पहिल्या परंपरेतले असले, तरी स्वभावाने दुसऱ्या परंपरेला जवळचे आहे.

## चित्र पोहोचते कसे?

या कार्यक्रमांचा आकार लहान का राहतो, हे कळण्यासाठी आधी तंत्र पाहायला हवे, कारण इथे आवडीनिवडीइतकीच भौतिकशास्त्राचीही सत्ता चालते.

कॅमेऱ्यातून निघणारे कच्चे चित्र अवाढव्य असते. रुंदीत १९२० आणि उंचीत १०८० ठिपके, प्रत्येक ठिपक्याच्या रंगासाठी २४ बिट आणि सेकंदाला २५ चित्रे एवढा हिशेब केला, तरी दर सेकंदाला सुमारे १२४ कोटी बिट होतात, आणि घरगुती जोडणीतून एवढा मजकूर बाहेर जाणे शक्य नसते. म्हणून 'एन्कोडर' नावाची संगणकप्रणाली (किंवा यंत्र) चित्र आवळते : आधीच्या चित्राच्या तुलनेत जेवढा भाग बदलला तेवढाच ती पाठवते आणि डोळ्याला सहसा न जाणवणारे बारकावे गाळते. बैठकीतला गायक या कामाला फार सोयीचा, कारण मागचा पडदा, गालिचा आणि तानपुऱ्याचा भोपळा जागचे हलत नाहीत. बदलतात ते हात आणि चेहरा. त्यामुळे हेच चित्र चाळिसेक लाख बिटांत, म्हणजे मूळच्या सुमारे तीनशेव्या हिश्श्यात बसवता येते. नृत्याच्या कार्यक्रमाला मात्र हीच मर्यादा जाचते, आणि गिरक्या घेताना घागऱ्याची किनार चौकोनी तुकड्यांत फुटलेली दिसते ती यामुळे.

यापुढे दोन वाटा फुटतात. पहिली वाट मोठ्या प्रक्षेपणाची. तिच्यात चित्राचे काही सेकंदांचे तुकडे पाडले जातात, प्रत्येक तुकड्याच्या उंची आणि हलक्या प्रती तयार होतात, त्या ठिकठिकाणच्या शहरांतील साठवण-सर्व्हरांवर ठेवल्या जातात आणि प्रेक्षकाचा मोबाइल आपल्या जोडणीच्या वेगानुसार हवी ती प्रत एकामागून एक मागवत राहतो. ॲपलने २००९ साली आणलेली 'एचएलएस' ही पद्धत याच प्रकारची आहे. दुसरी वाट ऑनलाइन मीटिंगची. तिच्यात तुकडे साठवले जात नाहीत. चित्र आणि आवाजाची चिमुकली पाकिटे निघतात तशी पुढे सरकवली जातात, आणि एखादे वाटेत हरवले तर सहसा त्याची वाट पाहत न बसता पुढचे दाखवले जाते.

दोहोंतला फरक पंगतीवरून समजतो. हजार पाने मांडलेली असतील, तर वाढपी भरलेली पातेली पंगतीच्या दोन्ही टोकांना नेऊन ठेवतात आणि तिथून वाढतात. त्यामुळे कोणी उपाशी राहत नाही, पण पोळी तव्यावरून थेट पानात पडत नाही, आणि जेवणाऱ्याने केलेली सूचना आचाऱ्यापर्यंत पोहोचेतो पुढचा घाणा निघालेला असतो. घरच्या दहा पानांना मात्र तव्यावरची पोळी वाढता येते. पहिल्या वाटेने चित्र पंधरा ते तीस सेकंद उशिरा पोहोचते, पण लाखो लोक पाहू शकतात. दुसऱ्या वाटेने ते पाव-अर्ध्या सेकंदात पोहोचते, पण माणसे वाढली की यंत्रणा दमते. वीस जणांनी एकमेकांना पाहायचे तर तत्त्वतः ३८० प्रवाह लागतात, दोनशे जणांनी पाहायचे तर ३९,८००. प्रेक्षक दसपट झाले, की काम शंभरपटीने वाढते.

म्हणून आयोजकाला निवड करावी लागते. प्रेक्षकांनी नुसते पाहायचे असेल तर पहिली वाट. त्यांनी प्रश्न विचारायचे, फर्माईश करायची आणि कलाकाराने नाव घेऊन उत्तर द्यायचे असेल तर दुसरी. हा दुसरा प्रकार लहान राहतो तो आयोजकाला मोठे करता येत नाही म्हणूनच केवळ नव्हे; मोठा केला की त्यात विकण्यासारखे जे असते तेच निघून जाते.

## चौकट : पैसे भरल्यापासून पडदा उघडेपर्यंत

प्रेक्षक यूपीआयने किंवा कार्डाने पैसे भरतो. रक्कम जमा झाल्याचा संदेश बँकेच्या बाजूने पेमेंट कंपनीला आणि तिच्याकडून तिकीट-प्रणालीला जातो. प्रणाली त्या प्रेक्षकाच्या नावे एक 'टोकन', म्हणजे अंदाजाने ओळखता येणार नाही असा लांबलचक सांकेतिक शब्द तयार करते आणि तो जोडलेली लिंक ई-मेल किंवा व्हॉट्सॲपवर पाठवते. कार्यक्रमाच्या वेळी लिंक उघडली, की सर्व्हर तीन गोष्टी तपासतो : टोकन खरे आहे का, त्याची मुदत चालू आहे का, आणि तेच टोकन घेऊन दुसरे कोणी आधीच आत बसले आहे का. तिन्ही जुळले तरच चित्र सुरू होते.

## तानपुरा कोणी गिळला?

टाळेबंदीच्या पहिल्या काही महिन्यांत शास्त्रीय संगीताच्या ऑनलाइन बैठकींत एक विचित्र प्रकार वारंवार घडे. गायकाच्या खोलीत तानपुरा झंकारत असे, पण श्रोत्यांना तो मध्येच ऐकू येई, मध्येच नाहीसा होई आणि गायक थांबला की पार बुडून जाई. दोष तानपुऱ्याचा नव्हता आणि बहुतेक वेळा इंटरनेटचाही नव्हता. मीटिंगची प्रणाली बनवली गेली ती कार्यालयीन बोलण्यासाठी. पंख्याची घरघर किंवा वातानुकूलन यंत्राची गुणगुण ओळखून ती पुसून टाकायची, अशी तिची शिकवण. अखंड, एकसारखा चालू राहणारा आवाज म्हणजे गोंगाट, ही तिची व्याख्या. तानपुरा नेमका तसाच आवाज करतो, कारण तेच त्याचे काम आहे! झूममध्ये 'ओरिजिनल साउंड' हा पर्याय चालू केला, म्हणजे आवाजावरची ही साफसफाई बंद होते. सप्टेंबर २०२०मध्ये त्याला संगीतासाठी वेगळ्या, अधिक दर्जेदार ध्वनीची जोड मिळाली.

दुसरी अडचण दादेची. समोरच्याचा आवाज स्पीकरमधून परत माइकमध्ये शिरून घुमू नये म्हणून प्रणाली एका वेळी एकाच बाजूला प्राधान्य देते. त्यामुळे समेवर कोणी 'क्या बात है' म्हणाले, तर त्या क्षणी गायकाचाच आवाज दबतो. आयोजक मग सर्वांचे माइक बंद ठेवतात, आणि गायक भिंतीकडे पाहून गावे तसा गातो. चॅटमध्ये उमटणारे टाळ्यांचे चिन्ह हा त्यावरचा उपाय आहे खरा, पण बैठकीत समेवर येणारी दाद गायकाच्या पुढच्या तानेला आकार देते, आणि चॅटमधली दाद तो राग संपल्यावर वाचतो. जाणती मंडळे म्हणूनच दोन रचनांच्या मध्ये माइक उघडतात आणि प्रेक्षकसंख्या तीस-चाळिसांत ठेवतात, म्हणजे त्या दोन मिनिटांचा गलबला गोड वाटतो.

तिसऱ्या अडचणीवर मात्र उपाय नाही. काचतंतूच्या केबलमधून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. मुंबई ते न्यूयॉर्क हे अंतर साडेबारा हजार किलोमीटर धरले, तर जाऊन-येऊन किमान सव्वाशे मिलिसेकंद लागतात, आणि प्रत्यक्षात केबलचा वळसा व मधली यंत्रे मिळून त्याहून जास्त. द्रुत लयीत एक मात्रा पाव सेकंदाची असेल, तर हा विलंब अर्ध्या मात्रेचा झाला. गायक मुंबईत आणि तबलजी न्यूयॉर्कला, अशी थेट मैफल म्हणूनच होऊ शकत नाही. तशी दिसणारी सादरीकरणे आधी वेगवेगळी मुद्रित करून मग जोडलेली असतात. संवादांना थोडी अधिक सवलत मिळते. दूरध्वनीच्या आंतरराष्ट्रीय शिफारशीनुसार एका दिशेचा दीडशे मिलिसेकंदांपर्यंतचा विलंब सहसा खपून जातो. जुलै २०२०मध्ये हृषिकेश जोशी यांनी दिग्दर्शित केलेले 'मोगरा' हे मराठी ऑनलाइन नाटक आपापल्या घरात बसलेल्या कलाकारांना तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकांपुढे थेट सादर करता आले, त्यामागे हेही एक कारण होते.

## दारावरचा पहारा

टोकनची तपासणी कितीही काटेकोर असली, तरी पडद्यावरचे चित्र शेजारच्या मोबाइलने टिपण्यापासून कोणाला रोखता येत नाही. मोठ्या चित्रपटसेवा त्यासाठी महागडी कुलपे वापरतात. छोट्या आयोजकाला ती परवडत नाहीत आणि त्यांची गरजही क्वचितच पडते. प्रेक्षकाचा ई-मेल पत्ता पडद्यावर फिकट अक्षरांत तरंगत ठेवणे हा स्वस्त उपाय पुष्कळदा पुरतो, कारण मग चोरून पसरवलेल्या चित्रावर चोरणाऱ्याचीच सही असते. पण खरा पहारा वेगळाच आहे. ठरलेली वेळ टळून गेल्यावर, ज्यात आपले नाव घेतले गेले नाही अशा बैठकीचे अंधूक मुद्रण फुकट मिळाले, तरी ते पाहणारे फारसे कोणी नसते.

## लहान असण्याचा हिशेब

लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहाने २०२०च्या उन्हाळ्यात 'लंग्ज' हे दोन पात्रांचे नाटक रिकाम्या प्रेक्षागृहातून थेट प्रक्षेपित केले. सर्वांना दिसणारे चित्र अगदी एकच होते. तरीही प्रत्येक प्रयोगाची तिकिटे नाट्यगृहाच्या आसनसंख्येएवढी, म्हणजे एक हजारच ठेवली गेली आणि त्यांचे दर १० पौंडांपासून ६५ पौंडांपर्यंत होते. ज्या इंटरनेटवर खुर्च्यांना तोटा नाही, तिथे मुद्दाम खुर्च्या मोजणे आणि एकाच दृश्याचे सहापट दर लावणे हा वेडेपणा वाटेल, पण तिकीट ही वर्गणी आहे असे मानले की तो वेडेपणा उरत नाही. ज्याला संस्था जगवायची आहे तो जास्त देतो. लॉस एंजेलिसच्या गेफेन प्लेहाउसने याहून टोकाचा मार्ग धरला. हेल्डर गिमराइश यांच्या 'द प्रेझेंट' या जादूच्या प्रयोगाला एका वेळी फक्त २५ घरांना प्रवेश असे, आणि प्रत्येक घरी आधीच एक सीलबंद खोके टपालाने जाई, जे प्रयोगात सांगितल्याशिवाय उघडायचे नव्हते. जादूगाराच्या हातातली वस्तू प्रेक्षकाच्याही हातात असे, आणि ही सोय लाखभर प्रेक्षकांसाठी करता येत नाही.

ही उदाहरणे श्रीमंत शहरांतली. मराठी आयोजकाचा हिशेब अधिक साधा असतो. अडीचशे रुपयांची ऐंशी तिकिटे गेली, तर वीस हजार रुपये जमतात. सभागृहाचे भाडे, ध्वनिक्षेपक आणि प्रवासखर्च टळतो. उरतो तो कलाकारांच्या बिदागीचा खर्च, एखादा तंत्रज्ञ आणि पैसे गोळा करण्याचे शुल्क. हे शेवटचे शुल्क एकेकाळी छोट्या तिकिटाचा जीव घेणारे होते. एप्रिल २०१६मध्ये आलेल्या यूपीआयने, आणि जानेवारी २०२०पासून त्यावर व्यापाऱ्याकडून बँकांनी शुल्क घेऊ नये असा नियम झाल्यावर, पन्नास-शंभर रुपयांचे तिकीटही विकण्याजोगे झाले. त्याच २०१६च्या सप्टेंबरात जिओ आल्यावर मोबाइल डेटा स्वस्त झाला. सेकंदाला २५ लाख बिटांनी येणारे चित्र तासाला सव्वा जीबीच्या आत मावते, आणि एवढ्यासाठी कोणी आता हात आखडत नाही.

पण या कार्यक्रमांना महासाथीनंतरही धरून ठेवणारा प्रेक्षक बराचसा परदेशात आहे. लंडनचे महाराष्ट्र मंडळ १९३२ सालापासून चालू आहे, आणि अमेरिकेतल्या मोठ्या शहरांत मंडळांची वानवा नाही. पण मंडळाच्या वार्षिक कार्यक्रमाला भारतातून येणारा संच साहजिकच लोकप्रिय नाटकाचा किंवा गाण्यांचा असतो. ग्वाल्हेर घराण्याच्या अनवट रागांवरचे सप्रयोग व्याख्यान ऐकायला एका शहरात चार माणसे मिळतील. दहा देशांतली मिळून साठ होतात. वेळेचे गणित मात्र जमवावे लागते. पुण्यात रविवारी सकाळी आठला सुरू केलेली बैठक उन्हाळ्यात न्यूयॉर्कला शनिवारी रात्री साडेदहाला आणि सॅन फ्रान्सिस्कोला संध्याकाळी साडेसातला दिसते, पण लंडनकर पहाटे साडेतीनला उठत नाहीत. पुण्यातले रात्रीचे नऊ हे लंडनचे दुपारचे साडेचार आणि न्यूयॉर्कचे सकाळचे साडेअकरा. तेव्हा सॅन फ्रान्सिस्कोत सकाळचे साडेआठ वाजलेले असतात. सकाळच्या रागांचे चाहते पश्चिम किनाऱ्यावर आणि रात्रीच्या रागांचे लंडनला, अशी विभागणी कोणी न ठरवताच होऊन बसते.

## गाणे कोणाचे?

घरच्या बैठकीत कोणतेही गाणे गायला कोणाची आडकाठी नसते, पण तेच गाणे तिकीट लावून इंटरनेटवर ऐकवले, की कायद्याच्या दृष्टीने ते जनतेपर्यंत पोहोचवणे ठरते आणि कॉपीराइटचा प्रश्न उभा राहतो. भारतात हा हक्क लेखकाच्या किंवा संगीतकाराच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षे टिकतो. तुकोबांच्या अभंगाचे शब्द सर्वांचे आहेत. त्याला विसाव्या शतकात दिलेली चाल मात्र तशी असेलच असे नाही. ग. दि. माडगूळकर १९७७ साली आणि सुधीर फडके २००२ साली निवर्तले. त्यामुळे 'गीतरामायणा'चे शब्द २०३७च्या अखेरपर्यंत आणि चाली २०६२च्या अखेरपर्यंत संरक्षित आहेत. व्हॉट्सॲपवर जाहिरात करून पन्नास तिकिटे विकणाऱ्या किती गटांना हे ठाऊक असते, हा प्रश्न विचारलेला बरा नाही.

हक्कांची वसुली छोट्या कार्यक्रमाला कशी जड जाते, याचे उदाहरण ब्रिटनमध्ये घडले. तिथल्या 'पीआरएस फॉर म्युझिक' या संगीतकारांच्या संस्थेने जानेवारी २०२१मध्ये छोट्या ऑनलाइन कार्यक्रमांसाठी ठोक परवाना आणला : २५० पौंडांपर्यंतच्या उत्पन्नाला साडेबावीस पौंड, आणि त्यापुढे ५०० पौंडांपर्यंत ४५ पौंड. पूर्ण २५० पौंड जमवणाऱ्याला हा दर नऊ टक्के पडतो. पण ज्याची जेमतेम पन्नास पौंडांची तिकिटे खपली, त्याच्या गल्ल्यातले ४५ टक्के परवान्यातच जातात. कलाकारांनी याविरुद्ध गदारोळ केला, तेव्हा स्वतःच्याच रचना सादर करणाऱ्या सभासदांना शुल्क माफ झाले. दुसऱ्यांची गाणी गाणाऱ्यांना ही माफी नव्हती.